ठमाईचा हात

चपला इथंच काढून ठेवा. देऊळ नाही हे, पण वर कुणी ना कुणी झोपलेलं असतं आणि चपलेचा आवाज झोपेला लागतो. हळू बोला. शेळी आडवी आली तर तिला हुसकू नका, ती वळसा घालून जाईल. तिला रीत माहीत आहे.

समोर जो डोंगर दिसतो, त्याला परके लोक मोठमोठी नावं देतात. आम्ही त्याला ठमाईचा हात म्हणतो. नीट बघा म्हणजे दिसेल. तो तिकडे खांदा. तिथून डोंगर उतरत येतो, मध्ये कोपरात वाकावा तसा वाकतो, मनगटाशी बारीक होतो आणि तळवा उताणा करून झापड तळ्यात शिरतो. पाण्यातून वर आलेले ते काळे सुळके म्हणजे बोटं. आणि दंडाच्या जागी, जिथं ते चिंचेचं झाड आहे, तिथं सपाट खडक आहे. त्याला उशी म्हणतात. खडकाला एक खळगा आहे, डोकं बरोबर बसेल एवढा. पाऊस पडला की त्यात पाणी साठतं आणि चिमण्या पितात.

दुपार झाली की आमच्या मेघोटीत सगळं थांबतं. जातं थांबतं, माग थांबतो, भांडणं अर्धी राहतात. तळ्यावर वारा येतो तोसुद्धा काठाशी येऊन बसतो. बाहेरगावचे व्यापारी चिडतात, म्हणतात, ही कसली आळशी माणसं. चिडू देत. शहरातले शहाणे येतात, ते याला निजमत म्हणतात आणि त्यावर जाडजाड पुस्तकं लिहितात. आमच्या तोंडात एकच शब्द आहे, हातउशी. ती कशी सुरू झाली ते सांगते. मी पाहिलेलं नाही. माझ्या आजीनंही पाहिलेलं नव्हतं. पण असं सांगतात.

फार मागे मेघोटीवर रणधवल राजाचं राज्य होतं. वर ताठरगड आणि गडावर तो. त्याला गादी वारशानं मिळाली नव्हती. चुलता दुपारचा निजलेला असताना त्यानं त्याच्या छातीत कट्यार घातली आणि त्याच रक्ताच्या पायांनी जाऊन गादीवर बसला. त्या दिवसापासून त्याचा डोळा लागला नाही, म्हणे. कसा लागेल? झोपलेल्या माणसाचं काय करता येतं, हे त्याच्याएवढं कुणाला माहीत होतं?

पहिल्यानं त्यानं पहारे वाढवले. मग पहारेकऱ्यांवर पहारे ठेवले. मग त्याच्या मनात आलं की उघडा डोळा दिसतो, त्यात काय आहे ते कळतं. पण मिटलेल्या डोळ्याच्या आत माणूस काय शिजवतो, हे कुणाला कळणार? मग दवंडी पिटली. जो जागा तो राजाचा, जो निजला तो चोर. दुपारची झोप बंद. रात्रीची झोप पाळीनं, तीही थाळा वाजेपर्यंत. आणि प्रत्येक घरातून एक माणूस जागपाळीला, गडाच्या तटावर.

तटावर उभं राहायचं म्हणजे शत्रूकडे बघायचं, असं तुम्हाला वाटेल. तसं नव्हतं. तोंड आत करून उभं राहायचं, राजाच्या खिडकीकडे. राजानं पडदा सारला की त्याला सगळीकडे उघडे डोळे दिसले पाहिजेत. तेवढ्यानं त्याला घटकाभर बरं वाटायचं.

झोप गेली की माणसाचं काय होतं, ते मेघोटीनं तेव्हा पाहिलं. स्वप्नं कुठं जाणार? ती उघड्या डोळ्यांत येऊ लागली. एक जण नांगर घेऊन तळ्यावर गेला आणि दिवसभर पाणी नांगरत बसला. बाया मेलेल्या सासूशी बोलत पाणी भरायच्या. एका म्हाताऱ्याची म्हैस त्याला रोज संध्याकाळी सांगायची, “आता पुरे, आता मला सोड.” शेवटी त्यानं तिला सोडलं. तिच्या मागून तोही निघून गेला, तो परत आला नाही. मुलं रडायची नाहीत. रडायलासुद्धा अंगात झोप लागते, हे तुम्हाला माहीत आहे का?

तळ्याच्या काठी ठमाई राहायची. लव्हाळ्याच्या चटया विणणं हा तिचा धंदा. झोपेवर बंदी आली तशी चटईवरही आली. घरात चटई सापडली की घर जप्त. ठमाईनं चटया गुंडाळून गोठ्यात गवताखाली घातल्या आणि दोरखंड वळू लागली. तोंडाची फटकळ बाई. तिचा दारातला आवाज पलीकडच्या काठाला ऐकू जायचा. तिची एकुलती एक लेक भिवरा पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली होती. मुलगी झाली होती, आणि अजून नाव ठेवलं नव्हतं.

एके दिवशी ठमाईच्या घराची जागपाळी आली. ठमाई तापानं फणफणलेली होती. भिवरानं आईला उठवलं नाही. अंगावर गोधडी सारखी केली, पोर पदराखाली घेतली आणि आईच्या जागी जाऊन तटावर उभी राहिली. सकाळ गेली. ऊन डोक्यावर आलं. पोर भुकेजली, भिवरानं तिला अंगावर घेतलं. बाळ प्यायला लागलं की बाईला गुंगी येतेच. ज्या बायका आहात त्यांना माहीत आहे, जे बाप्ये आहात त्यांनी घरी जाऊन विचारा. पोर निजली, आणि तिच्याबरोबर आईचेही डोळे मिटले. उभ्या उभ्या, तटाला टेकून.

नेमका तेव्हा राजानं पडदा सारला.

हुकूम झाला. दिवस मावळताना कडेलोट. पोर पदरात आहे, असं कुणी तरी हळूच म्हणालं. राजा म्हणाला, “तीही निजली होती.”

निरोप ठमाईच्या दारात आला तेव्हा ती तापातच उठली. रडली नाही, म्हणे. नुसती उभी राहिली आणि म्हणाली, “पाळी माझी होती.” मग डोक्याला फडकं बांधून गड चढू लागली.

दरवाजात कोतवाल बाजिंदराव आडवा आला. हा मोठ्या मिशांचा माणूस, पण जागून जागून त्याच्या मिशासुद्धा खाली लोंबल्या होत्या.

“राजे कुणाला भेटत नाहीत, बाई.”

“झोपलेत का?”

“जीभ आवर! राजे कधी झोपत नाहीत.”

“मग मोडायला झोप नाही, तर अडवतोस कशाला? हो बाजूला.”

आत राजा खिडकीशी बसला होता. डोळे लाल, पापण्या सुजलेल्या, ओठ कोरडे. ठमाईनं त्याला पाहिलं. तिनं शिव्या पाठ करून आणल्या होत्या, पण त्या घशातच राहिल्या. तिच्या तोंडून भलतंच आलं.

“अरे, तुझी तर माझ्या पोरीपेक्षा वाईट गत आहे.”

दरबारातले सगळे अंग चोरून उभे राहिले. राजाला असं कुणी बोलून फार दिवस झाले होते.

ठमाई म्हणाली, “सौदा करते. तुला झोप आणून देते. तू आपण होऊन जागा झालास की माझी लेक, माझी नात आणि सगळ्या मेघोटीची झोप परत द्यायची. नाही लागली झोप, तर तिघींना ढकल.”

“औषध देशील. विष देशील.”

“तसलं काही नाही. हात देते. हातात विष कुठं ठेवू?”

राजानं तिच्याकडे पाहिलं. तिला त्याला मारायला किती कारण होतं, हे त्याच्या एवढं कुणालाच ठाऊक नव्हतं. तरी तो उठला. का उठला, याची कारणं लोक वेगवेगळी देतात. मी म्हणते, झोपेची भूक पोटाच्या भुकेहून वाईट असते. तिच्यापुढे राजा काय आणि पहारेकरी काय.

ठमाई म्हणाली, भिंतींच्या आत झोप येणार नाही, बाहेर चल. ती त्याला तळ्याच्या काठी घेऊन आली. तेव्हा इथं डोंगर नव्हता, नुसतं माळरान होतं. ती गवतावर उताणी पडली आणि उजवा हात पसरला. राजानं तलवार कुशीत घेतली. कोतवाल भाला घेऊन तिच्या गळ्याशी उभा राहिला. हुकूम असा की हात जरा जरी हलला, तरी भाला घुसवायचा. आणि वर कड्यावर भिवरा उभी होती, कमरेला दोर, पदरात पोर. तिच्यामागं सूर्य कलायला लागलेला.

राजानं डोकं ठेवलं. थोड्या वेळानं घोरायला लागला. कोतवाल हरखला. ठमाई म्हणाली, “उगाच घोरू नकोस. आत्ता आवंढा गिळलास.”

घोरणं थांबलं. झोपलेल्या माणसाचा घसा सैल असतो, तो असा ताठून आवंढे गिळत नाही. आमच्याकडे आजही झोप खरी की खोटी हे गळ्याकडे बघून ओळखतात.

राजानं डोळे न उघडता विचारलं, “मी झोपलो की तू काय करशील?”

“काय करणार? पडून राहीन. दुसरं काय करता येतं हातावर ओझं घेऊन?”

मग ती बोलू लागली. अंगाई नव्हे, तिला अंगाई येत नव्हती, गळा कावळ्याचा होता. तिनं त्याला चटई कशी विणतात ते सांगितलं. लव्हाळा श्रावणात कापायचा. ओला कापायचा, सावलीत वाळवायचा. फार वाळला तर तुटतो, कमी वाळला तर कुजतो. मग पाण्यात टाकायचा. मग एक काडी वर, एक काडी खाली. मग जी वर होती ती खाली, जी खाली होती ती वर. कडेला आलं की वळायचं. घाई करायची नाही. परत एक वर, एक खाली. राजा ऐकत राहिला. त्याच्या डोळ्यांपुढे हिरवी चटई वाढत गेली, माळावरून तळ्यावर गेली, तळ्यावरून आभाळात, आणि एका काडीखाली तो आपणच सरकला. बाहेर आलाच नाही. झोपला.

आणि मग ती झोप पसरली. बादलीतलं पाणी सांडावं तशी. आधी कोतवालाचा भाला गवतात पडला, मग त्याच्यावर कोतवाल. मग तटावरची माणसं एकामागून एक बसली, एकमेकांच्या खांद्यांवर माना टाकून. दोर धरणारे जल्लाद कड्यावर आडवे झाले आणि त्यांच्यामध्ये भिवरा, पोरीला पोटाशी घेऊन. गुरं बसली. बगळे पाण्यात एका पायावर थिजले. मासे तळ्याच्या मध्यावर येऊन एका रांगेत थांबले, तोंडं एकाच दिशेला. तळ्याचं पाणी आरशासारखं झालं, आणि कललेला सूर्य त्यात दिसला. त्याला बहुतेक आपलंच तोंड बघून झोप आली. तो थांबला. मावळेना.

त्या एकाच दुपारीत काठचा आंबा मोहरला, फळला, पिकला आणि गळला, असं सांगतात. आंबे गवतात पडले, त्यांचाही आवाज झाला नाही.

सगळ्या मेघोटीत दोनच माणसं जागी होती. एक ठमाई. दुसरा तिचा जावई, हिरोजी. तो दूरच्या खाणीवर होता, बायकोची बातमी ऐकून धावत आला होता. हातात कोयता. गावातून येताना त्यानं पाहिलं, सगळे झोपलेले. माळावर आला तर राजा झोपलेला, मान उघडी.

“मामी,” तो कुजबुजला, “डोकं जरा मागे घ्या. एकच घाव घालतो.”

तुम्हीच सांगा, तुम्ही काय केलं असतं? सूर्य आज ना उद्या मावळणार होता. राजा कधी उठेल कुणाला माहीत. उठून शब्द पाळेल हे तरी कुणाला माहीत? एका घावात भिवरा सुटत होती. पोर सुटत होती. ठमाईच्या मनात ते आलं नसेल, असं मी म्हणणार नाही. आलं असणारच. ती आई होती.

ती म्हणाली, “जावईबापू, कोयता खाली ठेवा.”

“मामी, तुमचं डोकं फिरलंय का? तिकडे कड्यावर कोण आहे?”

“माझी लेक आहे. तुमच्या आधीपासून माझी आहे. ऐका. हा माझ्या हातावर निजलाय. त्याला इथं मारलंत तर उद्या माझी नात या हातावर कशी निजेल?”

“तिला काय कळतंय!”

“हाताला कळतं. आणि तुम्हाला झोप लागेल? यानंही असंच केलं होतं. तुम्हीही रात्रभर डोळे फाडून बसाल, मग तुम्हालाही तटावर माणसं लागतील. पहिली कोण उभी राहील? तुमचीच बायको.”

हिरोजीनं कोयता खाली ठेवला. मग गवतात बसला आणि लहान मुलासारखा रडला. ठमाई म्हणाली, “रडा, पण हळू. हा उठेल.” रडता रडता तोही आडवा झाला. उरली एकटी ठमाई.

तिच्या हाताला आधी मुंग्या आल्या. मग जड झाला. मग बोटं गार पडली, नखांशी. गारवा मनगटाशी आला, कोपराशी आला. तिला वाटलं हात जरा वळवावा, नुसतं मनगट. गळ्याशी आता भाला नव्हता, कोणी बघत नव्हतं. तरी तिनं वळवला नाही. तळव्यात माती साचली, मातीत गवत आलं. एक सरडा येऊन तिच्या करंगळीवर ऊन खात बसला. हात लांबत गेला, रुंदावत गेला, त्याच्यावरून वारा डोंगरावरून जावा तसा जाऊ लागला. बोटं तळ्यात शिरली. पाणी त्यांना लागलं, ते तिला कळलं नाही. आता त्यात तिचं काही उरलं नव्हतं.

राजा जागा झाला तो पोटभर निजलेला माणूस जागा होतो तसा, कुठं आहोत ते न कळता. त्यानं मान वळवली तर गालाला दगड लागला. त्यानं बघितलं. सगळे झोपलेले. कोतवाल तोंड उघडं टाकून. शेजारी एक परका माणूस आणि त्याच्या उशाशी कोयता. तलवार कुशीतून घरंगळून दूर पडलेली. पहारा कुणाचाच नाही, आणि तो जिवंत.

“मला मारायला कुणी आलं नाही?”

“आला होता की,” ठमाई म्हणाली. “तो बघ, निजलाय.”

मग ती उठली. हात नाही उठला. ती हात तिथंच ठेवून उठली.

भिवराला खाली आणलं तेव्हा पोरीला दोन दात आले होते. त्या दुपारी किती वेळ गेला, ते त्या दातांवरून कळलं. मग सूर्य हलला आणि मावळला. त्या रात्री मेघोटीत थाळा वाजला नाही.

गोष्ट इथं संपली असती तर ती नुसती चमत्काराची झाली असती. चमत्कार सगळ्याच गावांत असतात. आमची रीत पुढं आहे.

दुसऱ्या दिवशी राजा ठमाईच्या झोपडीत आला. म्हणाला, “मला कळलं. आता मी चांगलं राज्य करीन.”

ठमाई डाव्या हातानं भाकरी थापायला शिकत होती. भाकरी वेडीवाकडी होत होती, आणि त्यामुळे ती आधीच चिडलेली होती. “ते तू नाही सांगायचंस. जिला कड्यावर उभी केलीस तिला विचार.”

राजा भिवराकडे वळला. भिवरा भिंतीला चिकटली आणि लगेच म्हणाली, “करा की महाराज. आपलंच आहे.”

“हे बघ,” ठमाई म्हणाली, “तोंडाला विचारलंस की असंच होतं. तोंड भितं. पोटासाठी बोलतं, नवऱ्यासाठी बोलतं, कोतवालासाठी बोलतं. तोंडाला विचारून राज्य करणारे फार झाले. तिच्या झोपेला विचार. तुझ्या हातावर डोकं ठेवून तिला झोप लागली तर कर राज्य. झोपेला हो म्हणायला लावता येत नाही.”

तर हे एवढंच निजमत. त्यावर पुस्तकं लिहायला काय आहे, मला कळत नाही. ज्याच्याशेजारी आपल्याला झोप लागत नाही, त्याच्या हातात आपलं काही देऊ नये. बस.

दुपारी राजा खडकावर, म्हणजे ठमाईच्या दंडावर, आडवा झाला. हात पसरला. भिवरा आली, डोकं ठेवलं. डोळे मिटले, पण घसा हलत राहिला. ऊन उतरलं. ती उठून घरी गेली. राजाही उठला, आणि गडावर गेला नाही, तळ्याकाठीच राहिला. गादी रिकामी राहिली.

पुढच्या वर्षीही तेच. कोतवालाला घाई झाली होती, राजा नाही तर कोतवाल कसला? तिसऱ्या वर्षी त्यानं एक युक्ती केली. भिवराला आदल्या रात्रभर दळायला बसवलं आणि सकाळी तूपभात पोटभर वाढला. ती खडकावर पडताक्षणी झोपली. कोतवालानं टाळ्या पिटल्या. ठमाई काठी घेऊन आली. म्हणाली, “ही दमल्याची झोप आहे, भरवशाची नव्हे. दमलेलं माणूस काट्यावरही झोपतं.” ती झोप धरली नाही. मग कुणी म्हणालं, भिवराची पोरगी तर राजाच्या मांडीवर रोज झोपते, ती धरा. ठमाई म्हणाली, पोरांची झोपही धरायची नाही, पोरं कुणाजवळही झोपतात, म्हणून तर मोठ्यांनी जपायचं.

वर्षं गेली. राजा तळ्याकाठीच होता. लव्हाळा कापायचा, सावलीत वाळवायचा. ठमाईला आता विणता येत नव्हतं, ती सांगायची, तो विणायचा. त्याची पहिली चटई बघून ती म्हणाली, म्हशीनंही यावर बसू नये. गादी रिकामीच होती. लोक दुपारी उठून काय ते ठरवायचे, भांडायचे, परत ठरवायचे. कुणाचं काही अडलं नाही. ठमाई गेली. हिरोजी म्हातारा झाला. भिवराच्या पोरीला पोरं झाली. आणि दर वर्षी एका दुपारी भिवरा खडकावर येऊन त्या हातावर डोकं ठेवायची, आवंढा गिळायची आणि उठून जायची. का यायची? नाही आली असती तर कुणी ओढून आणलं नसतं. पण ती यायची. मला वाटतं, तिलाही ती झोप हवी होती. तिची झोप त्या कड्यावरच कुठं तरी राहून गेली होती.

एका वर्षी ती आली. दोघांचे केस पांढरे. पडल्या पडल्या नातवाच्या खोड्या सांगू लागली. सांगता सांगता वाक्य अर्धं राहिलं. राजा वाट बघत राहिला. मग त्यानं तिच्या गळ्याकडे पाहिलं. गळा शांत होता.

तो हलला नाही. त्याच्या हाताला मुंग्या आल्या, हात जड झाला, बोटं गार पडली. तेव्हा म्हणे त्याला कळलं, आपण ज्यावर पडलो आहोत तो डोंगर कशाचा झाला आहे. त्यानं दात आवळले आणि आभाळाकडे बघत राहिला.

भिवरा उठली तेव्हा सावल्या लांब झाल्या होत्या.

“किती वेळ निजले मी?”

“पोटभर.”

“मग झालास की आता राजा. ऊठ.”

“उठतो. हात उठेना.”

भिवरानं बघितलं. हात काळानिळा पडला होता. “अगं बाई! जरा हलवायचास तरी.”

“हलवला असता तर तू जागी झाली असतीस.”

तिनं त्याचा हात उचलून आपल्या मांडीवर घेतला आणि खांद्यापासून खाली चोळायला लागली. तिन्हीसांज होईपर्यंत चोळत राहिली. हळूहळू बोटं हलली.

पुढं तो गादीवर बसला की नाही, याबद्दल एकमत नाही. कुणी म्हणतं बसला आणि दुसऱ्या दिवशी उठला. कुणी म्हणतं त्यानं गादीचा कापूस काढून उशा भरल्या. खरं काय ते तळ्याला माहीत.

आजही मेघोटीत कारभारी निवडायचा झाला की त्याला इथं खडकावर आडवा करतात, आणि ज्याचा त्याच्यावर सगळ्यात जास्त राग आहे, त्याचं डोकं त्याच्या हातावर ठेवतात. रागावलेल्याला आदल्या दिवशी काम सांगत नाहीत, आणि सकाळी जड खायला देत नाहीत. झोप लागली तर कारभार. नाही लागली तर दोघं उठतात, कपडे झटकतात आणि घरी जातात. कुणी हसत नाही. आणि ज्याला कारभार मिळाला त्याला आमच्याकडे आजही कुणी मुजरा करत नाही. वाटेत भेटला की त्याला थांबवून त्याचा दंड चोळतात. ज्याचं त्याच्याशी वाकडं होतं, त्यानं आधी.